शेवळाची भाजी आणि साहेबांचा घसा

नोकरीत असताना मी नेमकं काय करते, हे माझ्या सासूबाईंना शेवटपर्यंत कळलं नाही. शेजारणीने विचारलं की त्या सांगायच्या, "ती पाड्यावरच्या बायकांना गोळा करते." गोळा करून पुढे काय करते, ते त्या सांगत नसत. खरं तर आमच्या हेड ऑफिसलाही ते धड सांगता येत नव्हतं. माझ्या कार्डावर 'उपजीविका समन्वयक' असं छापलेलं होतं. एकदा एका रिक्षावाल्याला मी ते कार्ड दाखवलं, तर त्याने मला बँकेपाशी नेऊन सोडलं.

सोप्या भाषेत सांगते. आमची संस्था भिवंडीच्या आसपासच्या डोंगरांतल्या वारली पाड्यांवर बायकांचे गट बांधायची. गटाने काहीतरी वस्तू बनवायची, आम्ही ती बनवायला शिकवायचं आणि विकायला मदत करायची, असं ते काम. मी मूळची निजामपुऱ्यातली. वडील पॉवरलूमवर जॉबर, म्हणजे अडलेला माग पुन्हा चालू करून देणारे. त्या गल्लीत वाढल्यामुळे मला कोणाशीही, कुठल्याही भाषेत, खडखडाटाच्या वर आवाज काढून बोलता यायचं. संस्थेने मला घेतलं ते याच गुणावर.

गटाने काय बनवायचं, हे मात्र पाड्यावर कधीच ठरत नसे. ते दूर कुठेतरी पंख्याखाली ठरायचं. एका वर्षी ठरलं, मेणबत्त्या. मोहाच्या पाड्यावरच्या बायकांनी ट्रेनिंग घेतलं, साचे आले, मेण आलं, फार सुबक मेणबत्त्या झाल्या. बाजारात कुत्र्यानेही विचारलं नाही. शेवटी पाड्यावर एक लग्न निघालं आणि त्या लग्नात बायकांनी सगळा माल एकदम पेटवला. असं झगमगीत लग्न त्या डोंगराने पाहिलं नव्हतं. नवरानवरी घामाने निथळत होती आणि मी रिपोर्टात लिहिलं, 'उत्पादनाला स्थानिक पातळीवर उत्तम प्रतिसाद.'

या पाड्याच्या गटाची अध्यक्ष बुधीबाई. उंच, काटक, आणि तिने हाक मारली की समोरच्या टेकडीवरची गुरं माना वळवायची. आपल्याइतकं कोणालाच काही येत नाही यावर तिचा ठाम विश्वास होता आणि तो लपवायची तिला कधी गरज वाटली नाही. माझी साडी नेसण्याची पद्धत, माझं भाकरी मोडणं, माझा चढ चढतानाचा श्वास, सगळ्यावर ती मोकळेपणाने मत द्यायची. माझं तिच्यावाचून पान हलत नसे.

मेणबत्त्यांनंतर हेड ऑफिसचा निरोप आला. या उन्हाळ्याअखेर गटाची काही कमाई सुरू झाली नाही, तर पाडा प्रकल्पातून वगळायचा. हे दिसतं तितकं कागदी नव्हतं. प्रकल्पातून पाडा गेला की पाड्यावरची बालवाडी जाणार होती, कारण तिच्या ताईंचा पगार त्याच प्रकल्पातून निघायचा. मग दिवाळीनंतर घरंच्या घरं पुन्हा वीटभट्टीवर मुक्कामाला जाणार, लेकरांसकट.

हा निरोप सांगायला मी पाड्यावर गेले. मे सरत आला होता. बुधीबाईने सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "आदी जेव. उपाशी मानसाचा निरोप आमी आयकत नाय."

ताटात नाचणीची भाकरी आणि शेवळाची भाजी होती. शेवळं ज्यांनी पाहिली नाहीत त्यांच्यासाठी सांगते. पावसाच्या तोंडावर जंगलात जमिनीतून सरळ वर येणारा हा जांभळट कोंब असतो, मिटलेल्या छत्रीसारखा. चव अशी की मटण बाजूला ठेवावं. पण नीट रांधलं नाही तर घसा असा खाजतो की माणूस आतून हात घालायला बघतो. ती खाज मारायला भाजीत काहीतरी आंबट लागतं. म्हणून भिवंडीच्या बाजारात आदिवासी बायका शेवळांच्या जुड्या घेऊन बसतात, तेव्हा ज्यांना करता येतं तेच घेतात. बाकीचे लांबून वळसा घालून जातात.

मी भाकरीमागून भाकरी खात गेले. हात धुताना माझ्या तोंडून निघून गेलं, "बुधीबाई, ही रांधूनच विकली तर?"

"कोनाला?"

"पूर्ण्याच्या गोदामांत हजारो माणसं जेवतात."

बुधीबाईने माझ्याकडे पाहिलं. त्या बाईच्या चेहऱ्यावर माझ्याबद्दल आदर मी पहिल्यांदा पाहिला आणि तो लगेच गेलाही. "येवडे दिस काय करत होतीस मग?" ती म्हणाली.

पूर्ण्यातल्या एका मोठ्या गोदामाच्या आवारात हिरामावशीचं कॅन्टीन होतं. हिरामावशी वळ गावची, आगरी घरातली. तिच्या सासऱ्यांची भातशेती जिथे होती तिथे आता गोदामं उभी आहेत. गळ्यात सोनं, दाराशी दोन गाड्या, घराला चकचकीत फरशी, आणि मागच्या अंगणात स्वतः सारवलेली चूल. मासे आणि रानभाजी ती घरी गॅसवर होऊ देत नसे. कॅन्टीन तिने हौसेखातर चालवलं होतं, पण चालवायची कडक. मी बुधीबाईला घेऊन तिच्या अंगणात गेले, तर मी ओळख करून द्यायच्या आधीच हिरामावशीने बोट केलं.

"हिला वलखते मी. दरसाली हिच्याकडून शेवलं घेते. येक काडी वर देत न्हाय."

"आनि ही जुडीतली बारकी काडून मोठी घालते," बुधीबाई मला म्हणाली, जणू मी न्यायाधीश होते.

"माझी परडी हाय, मी निवडून घेनार."

"डोंगर माजा हाय."

दोघी एकमेकींकडे इतक्या समाधानाने बघत होत्या की मला कळलं, ही फार जुनी आणि फार सुखाची भांडणं आहेत. मी विषय काढला. हिरामावशीला कल्पना पटली, पण एका अटीवर. भाजीत खाज मारायला काकडं पडली पाहिजेत. काकडं म्हणजे एका रानझाडाची छोटी, हिरवी, आंबटढाण फळं. ती ठेचून त्यांचा रस घालायचा, ही आगरी घरांची रीत.

"काकडानं भाजी आंबून जाते," बुधीबाई म्हणाली. "बोंडाऱ्याच्या झाडाचा पाला घाल, खाज त्यानंच मरते. कवला पाला. आमच्यात तसंच करतात."

"पाला काय गुरांना घालतंस?"

"गुरांना कलतं तरी."

हे बराच वेळ चाललं. चहा आला, संपला, दुसरा आला. अखेर असं ठरलं की एक दिवस मोफत चव द्यायची, भाजी दोघींनी मिळून करायची आणि पाला की काकडं ते त्या दिवशी बघायचं. ते ठरवणं माझं काम होतं. पण दोघींच्या मध्ये शब्द टाकायला मला जागाच सापडली नाही, असं म्हणून मी पुढे जाते.

मी उत्साहात आमच्या साहेबांनाही बोलावलं. आमचे साहेब म्हणजे प्रकल्प प्रमुख. माणूस सज्जन, वाचलेला, 'पारंपरिक ज्ञान' हा शब्द उच्चारताना डोळे मिटून घेणारा. पाडा ठेवायचा की वगळायचा, हे तेच ठरवणार होते.

त्या सकाळी कॅन्टीनच्या भटारखान्यात मी गेले तेव्हा तिथे जत्रा होती. पाड्यावरच्या सात-आठ बायका शेवळं सोलत बसल्या होत्या. आतला पिवळा भाग काढून टाकायचा असतो, तोच जास्त खाजरा. बुधीबाईची मैत्रीण जानी सोलता सोलता गाणं म्हणत होती आणि बाकीच्या मागून ओढत होत्या. हिरामावशीने सोनं काढून कनवटीला बांधलं होतं आणि ती मसाला परतत होती. कॅन्टीनचे नेहमीचे आचारी दुबेजी, जौनपूरचे, एका कोपऱ्यात रुसून बटाट्याचा रस्सा ढवळत होते. त्यांना सांगितलं होतं, भाजी नाही आवडली तर तुमचा रस्सा आहेच. हे ऐकून कुठल्याही आचाऱ्याला जे वाटेल तेच त्यांना वाटलं होतं.

भलंमोठं पातेलं उतरलं. वास असा सुटला की बाहेर माल चढवणारे लोक खिडकीतून डोकावून जायला लागले. जेवणाची सुट्टी व्हायला थोडा वेळ होता. साहेब आले. त्यांना म्हटलं, तुम्ही आधी चव घ्या, फोटो काढू. त्यांनी वाटीभर भाजी घेतली, मीही घेतली. अप्रतिम होती. साहेबांनी दुसरी वाटी घेतली आणि हातात वाटी धरूनच भाषणाला सुरुवात केली.

"मित्रहो, पारंपरिक ज्ञान," ते म्हणाले आणि त्यांनी डोळे मिटले, "हे आपल्या मातीत..."

इथे ते खाकरले.

"आपल्या मातीत मुरलेलं..."

पुन्हा खाकरले. मग त्यांनी मान उजवीकडे वळवली, डावीकडे वळवली, हनुवटी वर केली. मला वाटलं ते भारावले आहेत. तेवढ्यात माझ्या घशात मुंग्यांची रांग शिरली.

मी बुधीबाईकडे पाहिलं. बुधीबाईने हिरामावशीकडे पाहिलं.

"काकडं घातली ना तू?" बुधीबाईने विचारलं.

"मी कशाला घालू? म्हटलं आज तुझ्या पाल्याचं होऊ दे," हिरामावशी म्हणाली. "तू पाला घातलास ना?"

"मी म्हनले तुजी चूल, तुजी रीत. तुजा मान ठेवला मी."

 इतकी वर्षं एकमेकींना एक काडी वर न देणाऱ्या या बायका एका दिवसापुरत्या एकमेकींचा मान ठेवायला निघाल्या होत्या, आणि तोही एकमेकींना न सांगता. बोंडाऱ्याचा पाला एका टोपलीत तसाच होता. काकडाचा रस एका तांब्यात तसाच होता. आणि पातेल्यात खाज होती, अख्ख्या गोदामाला पुरेल इतकी.

पहिल्यांदा जानीला हसू फुटलं. ती सोललेल्या सालींच्या ढिगात आडवी झाली. मग बाकीच्या बायका. मलाही हसू येत होतं, पण हसलं की जास्त खाजत होतं, म्हणून मी हसत आणि रडत आणि घसा धरून नाचत होते. साहेब अजून बोलायचा प्रयत्न करत होते. "मुरलेलं... ख्रा... अनुभवातून..." त्यांनी वाटी मात्र सोडली नव्हती.

पण माझं हसू लवकर मावळलं. बाहेर जेवणाच्या सुट्टीची बेल व्हायला आली होती. शंभरेक माणसं आत येणार होती. ड्रायव्हर, पॅकिंगवाले, हमाल, कोणी बिहारचे, कोणी ओडिशाचे, ज्यांनी आयुष्यात शेवळं पाहिली नव्हती. त्यांचे घसे धरले की त्यांना शेवळाची कथा कोण सांगणार? 'आदिवासी बायांनी जेवणात काहीतरी घातलं,' एवढंच तालुकाभर झालं असतं. कॅन्टीन गेलं असतं, पाडा गेला असता, आणि त्या बायकांना बाजारात कच्च्या जुड्या विकणंही मुश्किल झालं असतं. सुपरवायझर दाराशी येऊन विचारून गेला, "मॅडम, खाना रेडी?" मी मान हलवली. होय म्हणून की नाही म्हणून, ते मलाही ठाऊक नव्हतं.

तेव्हा कोपऱ्यातून दुबेजी उठले. त्यांनी पातेल्यात डोकावलं, एक कोंब बोटांनी दाबून पाहिला आणि त्यांचा रुसवा गेला.

"अरे, ई तो सूरन का भाई है," ते म्हणाले. "गाँव में दिवाली पे सूरन बनता है. हमारी अम्मा बिना खटाई के हाथ नहीं लगाने देती थी."

त्यांनी शेल्फवरून आमचुराचा डबा काढला. त्याच क्षणी हिरामावशीने तांब्या उचलला आणि बुधीबाईने पाल्याची टोपली. तिघं पातेल्याच्या तीन बाजूंना उभी राहिली. कोणाचं घालायचं, हे भांडायला वेळ नव्हता. तिघांनीही आपापलं घातलं, सढळ हाताने. मोठी शेगडी पूर्ण उघडली. पातेलं रटरटायला लागलं आणि हिरामावशी ओरडली, "झाकन नको, वाफ जाऊ दे." दुबेजींनी आम्हाला खाजऱ्या मंडळींना चिंचगुळाची चटणी चमच्या-चमच्याने भरवली. साहेब चमच्यासाठी तोंड उघडून रांगेत उभे होते, त्यांच्यामागे मी, माझ्यामागे आमचा फोटोग्राफर, कारण त्यानेही कोणी बघत नसताना वाटी मारली होती.

बेल झाली. दारं उघडली. लोक आत आले, ताटं वाजायला लागली.

"आता पैली चव कोन घेनार?" बुधीबाईने विचारलं.

सगळे एकमेकांकडे बघायला लागले. तेव्हा साहेब पुढे आले. चिंचेने त्यांचे ओठ माखले होते, डोळे लाल होते. त्यांनी हातातली वाटी पुढे केली. "माझा घसा तसाही गेलेलाच आहे," ते म्हणाले.

त्यांनी खाल्लं. आम्ही सगळे त्यांच्या गळ्याकडे बघत होतो. त्यांनी गिळलं, थांबले, पुन्हा एक घास घेतला. मग त्यांनी वाटी परत पुढे केली.

भाजी आंबट झाली होती, सगळ्या प्रमाणांच्या पलीकडे आंबट. एक डोळा आपोआप मिटायचा आणि दुसरा उघडा राहायचा. पण उन्हात ट्रक भरून आलेल्या माणसांना ते आंबट असं काही लागलं की विचारू नका. ते भाकरीबरोबर खायला लागले, भातावर घेऊन खायला लागले, नुसती प्यायला लागले. एक ओडिशाचा मुकादम म्हणाला, हमारे गाँव का स्वाद है. दुसरा कोपऱ्यातून म्हणाला, नहीं, हमारे. दुबेजी हातात डाव घेऊन त्यांना समजावत होते की स्वाद जौनपूरचा आहे. जानीने परत गाणं काढलं, या वेळी मांडीवर थाळी वाजवत, आणि दोन पॅकिंगवाली पोरं तिच्या ठेक्यावर ताटं घेऊन नाचली. बटाट्याचा रस्सा जसाच्या तसा राहिला आणि त्याचा सगळ्यात जास्त आनंद दुबेजींना झाला.

हिरामावशीने तिथल्या तिथे सांगितलं, पावसाळा संपेपर्यंत दर गुरुवारी रानभाजी, करणाऱ्या बाया पाड्याच्या. शेवळं गेली की टाकळा, मग कुरडू, मग जे डोंगर देईल ते. पाडा प्रकल्पात राहिला. बालवाडीही राहिली. मेणबत्त्यांचे साचे पाड्यावर मुलांनी मातीचे लाडू पाडायला घेतले.

पण विकासाच्या कामात एखादी गोष्ट नुसती नीट झालेली चालत नाही, ती कागदावर यावी लागते. साहेबांना वरून विचारणा आली. भाजीची कृती लिहून पाठवा, आणि या वनस्पती कुठे कुठे उगवतात त्याचा नकाशा करा. कृती लिहायला मी तिघांकडे गेले. तिघांनी तीन सांगितल्या आणि तिन्हींमध्ये बाकीच्या दोघांचं आंबट नव्हतं. नकाशासाठी मात्र डोंगरावर जावं लागणार होतं.

साहेब बूट घालून आले. त्यांच्या फोनमध्ये चालेल ती वाट आपोआप रेघेने काढणारं ॲप होतं. हिरामावशीने हट्टच धरला की मीही येते. जन्मभर शेवळं खाल्ली, पण ती उगवतात कुठे ते तिने पाहिलं नव्हतं. ती भरजरी साडीत आली. पहिल्याच चढावर तिने चपला काढून जानीच्या डोक्यावरच्या टोपलीत ठेवल्या. पुढे बुधीबाई, मागे आम्ही.

वाटेत एक टेकडी अर्धीच होती. खालच्या गोदामांच्या भरावासाठी तिचा मुरूम नेला होता आणि लाल माती उघडी पडली होती. बुधीबाई तिथे थांबली नाही. "हितं लई शेवलं व्हायची," एवढंच म्हणाली आणि पुढे चालत राहिली. हिरामावशी मात्र तिथे जरा रेंगाळली.

मग आम्ही चाललो, खूप चाललो. ओढा ओलांडला, बांबूच्या बेटाला वळसा घातला, एका मोठ्या काळ्या खडकावर बसून पाणी प्यायलो. मधून मधून बुधीबाई वाकून एखादं शेवळं दाखवायची, एकटंच उभं असलेलं, आणि साहेब तिथे फोन धरायचे. पुन्हा बांबूचं बेट आलं. पुन्हा ओढा. मग आम्ही एका मोठ्या काळ्या खडकावर बसलो, आणि त्याच्या फटीत मला मघाशी मीच टाकलेली आवळासुपारीची पुडी दिसली.

 माझ्या कानाशी हिरामावशीचा श्वास लागला होता. ती हळूच म्हणाली, "ही बया आपल्याला गोल फिरवतेय."

"तुम्हाला कधी कळलं?"

"पैल्या फेरीतच." ती पदराने तोंड पुसत होती, पण खरं तर हसू पुसत होती. "मी पन हेच केलं असतं. आमी आमची जागा सगल्यांना बोट करून दाखवली. हितून हितपर्यंत आमची, बोललो. आता तितं शटर हाय." आणि मग ती खुदकन हसली, आणि तिला हसताना पाहून मला आवरेना, आणि आम्ही दोघी त्या खडकावर एकमेकींच्या अंगावर पडून हसायला लागलो.

बुधीबाई वळली. तिचा चेहरा देवळातल्या देवीसारखा शांत होता. "काय झालं?"

"काही नाही," मी म्हटलं.

साहेब फोनकडे बघत होते. मी मागून डोकावले. पडद्यावर त्यांनी चाललेली वाट निळ्या रेघेने उमटली होती, गोलात गोल, त्यात आणखी गोल, हलवायाने काढावी तशी अस्सल जिलबी. त्यांनी ती नीट पाहिली. मग बुधीबाईकडे पाहिलं. बुधीबाईनेही त्यांच्याकडे पाहिलं, पापणी न हलवता. अर्ध्या टेकडीवरून येणारी धूळ साहेबांच्या चष्म्यावर बसली होती, ती त्यांनी पुसली, आणि फोन खिशात टाकला.

"बॅटरी संपली," ते म्हणाले. "नकाशा काही होणार नाही आता."

"अरेरे," बुधीबाई म्हणाली.

आणि तेवढ्यात त्यांच्या खिशात फोन वाजला. मोठ्याने, कुठल्याशा आरतीच्या चालीवर. साहेब तो वाजू देत तसेच उभे राहिले, हात दोन्ही बाजूंना, जणू आरती दुसऱ्याच कोणाच्या खिशात चालू आहे. जानी टोपलीसकट खाली बसली. बुधीबाईने शेवटपर्यंत धीर धरला, ओठ दाबले, आणि मग तिने हसायला जे तोंड उघडलं, ते समोरच्या टेकडीवरची गुरं माना वळवून आमच्याकडे बघायला लागली.